मिक्सर, ब्लेंडर की वेट ग्राइंडर? ऐरोलीतल्या एका डब्यांच्या स्वयंपाकघराचं प्रकरण

घर ऐरोलीतलं, सिडकोने बांधलेल्या जुन्या वसाहतीतलं. दोन खोल्या, मागची गॅलरी बंद करून काढलेली जागा आणि जेमतेम साडेसहा फुटांचा ओटा. या ओट्यावरून सोमवार ते शुक्रवार दुपारचे 22 डबे निघतात. बहुतेक ठाणे-बेलापूर रस्त्यालगतच्या ऑफिसांत जातात. शनिवारी डबे नसतात. त्या दिवशी सोसायटीत इडली-डोशाचं पीठ किलोवर विकलं जातं. हा सगळा व्याप माझ्या भाचेसुनेचा. हाताखाली माझी ताई, म्हणजे तिच्या सासूबाई, आणि भांड्यांना एक बाई. भाचा रबाळे एमआयडीसीत नोकरीला, मुलगा कॉलेजात आणि उरलेला वेळ जिममध्ये.

माझं कळव्याला मोटर रिवाइंडिंगचं, म्हणजे जळलेल्या मोटरची तार पुन्हा गुंडाळून देण्याचं, दुकान. आता ते माझा मुलगा बघतो. त्यामुळे नात्यात कुणाचा पंखा, पंप, मिक्सर बसला की फोन मला येतो. या वेळचा फोन असा होता: शुक्रवारी रात्री दुप्पट ऑर्डरचं पीठ वाटताना मिक्सरमधून धूर आला, मिक्सर बंद पडला आणि आता काय घ्यायचं यावर घरात एकमत होत नाहीये, तर मामांनी येऊन काय ते सांगावं.

गेलो तेव्हा मतं तयारच होती. भाच्याच्या मुलाला हाय-स्पीड ब्लेंडर हवा होता: उभा जग, 1400 वॉटची मोटर. त्यात शेक होतो, सूप होतं, चटणी होते, पीठ होतं, मग तीन-तीन भांडी कशाला, असं त्याचं म्हणणं. भाच्याला सरळ 1000 वॉटचा मिक्सर हवा होता. पाचशेचा जळला तर दुप्पट घ्यावा, हा त्याचा हिशोब. ताई म्हणाली, "नवीन कशाला? तुझं दुकान आहे, मोटर बांधून दे." भाचेसून पोळ्या लाटत होती. तिने मान वर न करता सांगितलं, "मामा, तुम्ही म्हणाल ते घेऊ. फक्त पुढच्या शुक्रवारच्या आत सांगा."

मिक्सर का जळला

नवीन काय घ्यायचं हे जुनं कशाने गेलं त्यावर ठरतं, म्हणून आधी तो उलटा करून स्क्रू काढले. 500 वॉटचा, नऊ वर्षं वापरलेला, तीन भांड्यांचा साधा मिक्सर. कार्बन, म्हणजे मोटरच्या फिरत्या भागाला वीज पोचवणारे तुकडे, झिजून नखाएवढे राहिले होते. ते जिथे घासतात तो कॉम्युटेटर काळा पडलेला, आर्मेचरच्या, म्हणजे त्या फिरत्या भागाच्या, वायंडिंगचं वॉर्निश जळून तपकिरी झालेलं. वरच्या कपलरखाली, जिथे भांडं मोटरला जोडलं जातं तिथे, वाळलेल्या पिठाचं एक कडं जमलं होतं. मोठ्या भांड्याचा बुश, म्हणजे तळाशी पात्याच्या दांड्याभोवतीची नळी, गळत होता आणि त्यातून पाणी थेंबाथेंबाने मोटरच्या वरच्या बेअरिंगपर्यंत पोचत होतं. पण खरी गोष्ट मशीनच्या आत नव्हती. ती मशीनखाली होती: चार पदरी घडी घातलेला टॉवेल.

"हा कशाला?" मी विचारलं.

"वरच्या मजल्यावरचे ओरडतात ना, मामा. पहाटे साडेपाचला वाटण लावते मी. टॉवेलने आवाज कमी होतो."

आवाज होतो कमी, हे खरंच. पण मिक्सरच्या तळाला जी फटींची जाळी असते ती हवेसाठी असते. मोटरच्या दांड्यावरच एक छोटा पंखा बसवलेला असतो, तो हवा खेळवून वायंडिंग थंड ठेवतो. टॉवेलने ती वाट बंद झाली.

मिक्सरची मोटर कशी वागते ते इथे सांगायला हवं, कारण पुढचे सगळे निर्णय त्यावर उभे आहेत. ही कार्बन-ब्रशवाली युनिव्हर्सल मोटर. रिकामी फिरते तेव्हा मिनिटाला 18 ते 20 हजार फेरे घेते. भांड्यात घट्ट काही पडलं की फेरे उतरतात आणि मोटर जास्त करंट ओढते. जास्त करंट म्हणजे जास्त उष्णता. आणि नेमका त्याच वेळी, दांड्याचा वेग उतरल्यामुळे, त्याच दांड्यावरचा पंखाही मंद फिरतो. थंडाव्याची गरज सगळ्यात जास्त असते तेव्हा तो सगळ्यात कमी मिळतो. उडदाचं पीठ वाटताना हेच होतं: सुरुवातीला पातळ वाटतं, मग फुगून घट्ट होत जातं, मोटरचा सूर खाली येतो आणि माणूस "झालंच आता, दोन मिनिटं" म्हणत चालू ठेवतो.

मिक्सरच्या पाटीवर बारीक अक्षरात रेटिंग लिहिलेलं असतं: 30 मिनिटं, त्यात 5 मिनिटं चालू, 2 मिनिटं बंद. मिक्सरसाठीचं भारतीय मानक आयएस 4250 आहे, आणि पाटीवर वॉटच्या शेजारी असलेली ही ओळ वॉटपेक्षा महत्त्वाची असते. दुकानात ती कुणी वाचून दाखवत नाही. आमच्याकडे शुक्रवारी रात्री हा मिक्सर सलग वीस-वीस मिनिटं चालायचा. खालचं लाल बटण, म्हणजे मोटरवर जास्त ताण आला की वीज तोडणारी ओव्हरलोड ट्रिप, गेले काही आठवडे सारखं उडत होतं. ते दाबून पुन्हा सुरू करायचं, एवढंच घरातल्या सगळ्यांना माहीत होतं.

ताईला सांगितलं की मोटर बांधून देतो, अडचण नाही. आर्मेचर, कार्बन, बुश, कपलर मिळून नव्या मिक्सरच्या निम्म्या किमतीपर्यंत जाईल. पण काम तेच राहिलं आणि टॉवेल तोच राहिला, तर पुढच्या वर्षी पुन्हा बांधायला येईल. ताई गप्प बसली. पटली नव्हती, पण गप्प बसली.

आठवड्याची यादी

मी कुणाचंच मत लगेच मानलं नाही. भाचेसुनेला म्हटलं, पदार्थांची नावं नकोत. आठवडाभर भांड्यात काय काय पडतं ते सांग: कोरडं की ओलं, गार की गरम, किती आणि किती वेळ. तिने पीठ मळता मळता सांगितलं, मुलाने लिहून घेतलं.

रोजचं मोठं काम वाटणाचं. एक दिवस ओलं खोबरं, आलं-लसूण, कोथिंबीर. दुसऱ्या दिवशी भाजलेलं सुकं खोबरं आणि कांदा. पाणी चमचा-दोन चमचे, कारण रस्सा दाट लागतो. मग शेंगदाण्याचं कूट, आठवड्याला दीड किलो. लसणाची कोरडी चटणी. जिरे-धण्याची पूड, लागेल तशी. मंगळवारी आणि गुरुवारी डब्याबरोबर सूप, टोमॅटोचं किंवा पालकाचं. उन्हाळ्यात ताक. आणि शुक्रवारी रात्री चार किलो तांदूळ, एक किलो उडीद.

यादी झाल्यावर मुलगा म्हणाला, "यात माझा शेक कुठाय?"

"तो मोटरला कामच वाटत नाही," मी म्हटलं. तो हसला, पण गोष्ट तशीच आहे. दूध, केळं, थोडा सुका मेवा कुठल्याही यंत्रात होतो. यंत्राची परीक्षा पातळ वस्तूत होत नाही.

या यादीत चार वेगळी कामं होती. कमी पाण्यात रगडून बारीक करणं, कोरडं दळणं, गरम आणि पातळ एकजीव करणं, आणि घट्ट पीठ बराच वेळ वाटणं. ही चारही कामं आपण "मिक्सरला लावणं" म्हणतो, त्यामुळे एकच यंत्र शोधायला निघतो.

जगमध्ये खोबरं

मुलाच्या घणसोलीतल्या मित्राकडे हाय-स्पीड ब्लेंडर होता. तो रविवारी आणून ओट्यावर ठेवला. नारळ फोडला, रोजच्या मापाने वाटण घातलं: एक वाटी खोबरं, लसूण, मिरची, चमचाभर पाणी.

पहिल्या पाच सेकंदांत खोबरं उडून भिंतीला चिकटलं. खाली पात्यांभोवती हवेची पोकळी झाली आणि पाती रिकामी फिरू लागली. मोटरचा सूर उलट वर गेला, म्हणजे तिला काही लागतच नव्हतं. बंद करून कालथ्याने खाली ढकललं, पुन्हा तेच. सोबत आलेला जाड दांडा, ज्याला टॅम्पर म्हणतात, वरच्या भोकातून घालून ढकलत राहिलो तेव्हा कसंबसं वाटलं गेलं, पण भरड राहिलं. मग मुलाने अर्धी वाटी पाणी ओतलं. आता भोवरा धरला, आणि अर्ध्या मिनिटात इतकं मुलायम झालं की मिक्सरमध्ये कधी झालं नसतं. पण ते वाटण राहिलं नव्हतं, दूध झालं होतं. ताईने लगेच त्यात आगळ घालून सोलकढी केली. ती फर्मास झाली, हे कबूल करायला हवं.

यात ब्लेंडरचा दोष नाही. उभा, तळाशी निमुळता जग आणि वर वळलेली पाती यांनी भोवरा तयार होतो. वरचं द्रव मधून खाली पडतं, पात्यांवर येतं, कडेने वर जातं. या फेऱ्यासाठी भांड्यात वाहणारं काहीतरी लागतंच. या यंत्राचा जन्मही तसाच आहे. अमेरिकेत विस्कॉन्सिनमधल्या स्टीफन पॉपलॉस्की यांनी 1922 च्या सुमारास भांड्याच्या तळाशी फिरतं पातं बसवलं, ते सोडा फाउंटनवर माल्टेड मिल्क घुसळायला. दुधासाठी जन्मलेल्या यंत्राला आपण खोबऱ्याचा गोळा देतो आणि मग नाक मुरडतो.

आपला मिक्सर वेगळ्या घरातला आहे. 1960 च्या दशकात मुंबईत सीमेन्समधले अभियंते सत्यप्रकाश माथुर यांच्या पत्नीचा परदेशी मिक्सर आपल्या वाटणाने बंद पडला, आणि त्यातून त्यांनी 'सुमीत' घडवला. ताईच्या लग्नात आलेला सुमीत तिने कितीतरी वर्षं वापरला, म्हणून तर तिचा बांधून घेण्यावर इतका विश्वास. या यंत्राचं वैशिष्ट्य नुसत्या मोटरमध्ये नाही, भांड्यात आहे. चटणीचं भांडं लहान आणि बसकं, पातं तळाला जवळजवळ टेकलेलं, आणि आतल्या भिंतीवर उभे उंचवटे. हे उंचवटे फिरणारा गोळा अडवतात आणि पात्यावर परत ढकलतात. त्यामुळे चमचाभर पाण्यातही वाटण होतं. मात्र एक अट: वस्तू पात्याच्या वर आली पाहिजे. मूठभर खोबरं दीड लिटरच्या भांड्यात घातलं तर ते ब्लेंडरसारखंच भिंतीला लागेल.

कोरड्या कामालाही हेच भांडं. कुटाचं तंत्र मात्र वेगळं. दाणे भाजून पूर्ण गार झालेले हवेत, आणि नॉब उलट्या बाजूला, पल्सवर, झटके देत. सलग चालवलं की पातं तापतं, दाण्याचं तेल सुटतं आणि कूट लाडवासारखं वळतं. काहींना तसंच आवडतं, तो भाग वेगळा.

वॉट, प्लग आणि बिल

भाचा म्हणाला, "मग हजारचा मिक्सर घेऊ." त्याला मी विचारलं, हजार कशासाठी? पाटीवरचे वॉट म्हणजे मोटर किती वीज खाते. त्यातली पात्याला किती मिळते आणि उष्णतेत किती जाते हे पाटी सांगत नाही. मोठ्या मोटरला घट्ट वाटण ओढायला ताकद जास्त मिळते हे खरं. पण जड यंत्र, मोठा आवाज आणि लहान भांड्यात लवकर तापणारं वाटण हेही सोबत येतं. यादीतलं एकच काम 500 वॉटला न झेपणारं होतं, शुक्रवारचं पीठ. ते काम मिक्सरमधून काढलं, तर 750 वॉट या घराला पुरतो. ते मिक्सरमध्येच ठेवलं, तर हजार वॉटचाही पंखा वाटता वाटता मंद होणारच.

प्लगचा मुद्दा कुणाच्या डोक्यात नव्हता. या ओट्याजवळ 6 अँपिअरचे दोन पॉइंट आणि 16 चा एकच, तोही फ्रिजने अडवलेला. 750 वॉट म्हणजे 230 व्होल्टवर सव्वातीन अँपिअर, साध्या पॉइंटवर चालतं. 1400 वॉट सहाच्या वर जातं. जुन्या वायरिंगवर रोज पहाटे ते लावायचं म्हणजे एक दिवस पॉइंटच वितळायचा.

विजेच्या बिलाची काळजी मात्र फुकटची. 750 वॉट रोज पंधरा मिनिटं म्हणजे 0.19 युनिट. पोळ्यांच्या गॅससमोर ते कुठेच नाही.

पिठाचा प्रश्न

शनिवारचं पीठ हे या घराचं दुसरं उत्पन्न. भाचेसुनेची तक्रार अशी होती की मे-जूनमध्ये पीठ लवकर आंबतं, गिऱ्हाईक रविवारी सांगतं की आंबट लागलं. ती दोष हवेला देत होती. हवेचा वाटा आहेच. खाडीकाठची दमट हवा. पण मिक्सरमधून पीठ निघतं तेव्हाच ते कोमट असतं. पात्याच्या घर्षणाने तापलेलं पीठ आंबायला आधीच एक पाऊल पुढे असतं. ती बर्फाचं पाणी घालायची, त्याने थोडं सावरायचं.

वेट ग्राइंडरमध्ये काम चिरण्याचं नाही, रगडण्याचं असतं. स्टीलच्या फिरत्या पिंपात ग्रॅनाइटचे दोन किंवा तीन दगड, तळही ग्रॅनाइटचा. घरगुती दोन लिटरच्या ग्राइंडरची मोटर साधारण 150 वॉटची, बिनकार्बनची इंडक्शन मोटर. म्हणून ती अर्धा-पाऊण तास सलग चालली तरी तक्रार करत नाही. वेग कमी, म्हणून पीठ तापत नाही. उडदात जो चिकटपणा असतो तो रगडताना हवा धरून ठेवतो, पीठ फुगतं. वाटलेल्या पिठाचा थेंब वाटीभर पाण्यात टाकला की तरंगला पाहिजे. बुडाला तर अजून वेळ द्यायचा. कोइंबतूरच्या वेट ग्राइंडरला भौगोलिक मानांकन आहे, आणि तिकडच्या घरांत हे यंत्र आपल्या मिक्सरइतकंच नेहमीचं.

तोटे सांगायला मी कमी केलं नाही. यंत्र दहा किलोच्या आसपास, रोज उचलायचं नाही. म्हणजे जागा कायमची गेली. दगड काढा, पिंप धुवा, कोपऱ्यात अडकलेलं पीठ खरवडा, यात पंधरा मिनिटं जातात. आणि वाटण त्यात होत नाही. म्हणजे होतं, पण वाटीभर वाटणासाठी एवढं यंत्र धुवायला कुणी बसणार नाही. पीठ आठवड्यातून एकदा आणि लहान घरासाठी लागत असेल तर हा खर्च मी कुणाला सुचवणार नाही. इथे पाच किलोचं पीठ विकलं जात होतं, म्हणून सुचवला.

ताईला वाटलं होतं मी नव्या वस्तूंचं खूळ घेऊन आलोय. ग्राइंडरचे दगड पाहून तिचा चेहरा पहिल्यांदा सैल झाला. "हा तर रगडाच की," म्हणाली. "तो मात्र हाताने फिरवत होतो."

गरम सूप

भाचेसुनेच्या उजव्या मनगटावर भाजल्याचा जुना डाग आहे. कुकरमधून काढलेले टोमॅटो तसेच भांड्यात घालून झाकण दाबलं आणि मिक्सर लावला. गरम द्रव ढवळलं गेलं की वाफ एकदम सुटते आणि झाकण वर ढकलते. बंद भांड्याचे छोटे, उलटे लावायचे बुलेट ब्लेंडर तर यासाठी अजिबात वापरू नयेत. त्यात वाफेला बाहेर पडायला वाटच नसते. जग किंवा मिक्सर वापरायचाच असेल तर एक तृतीयांशच भरायचं, झाकणाची मधली टोपी काढायची, वर कापड धरायचं आणि सगळ्यात कमी वेगाने सुरू करायचं.

तिच्यासाठी सोपा मार्ग हँड ब्लेंडर. पातेल्यातच घालून फिरवायचा, ओतओत नाही. दांडा स्टीलचा हवा, प्लास्टिकचा उकळत्या पातेल्यात नको. पातं बुडेपर्यंत सूप हवं, नाहीतर शिंतोडे. नॉन-स्टिक पातेल्यात तळाला टेकवायचा नाही. आणि मिनिटभर चालवून थांबायचं, कारण ही मोटर हाताच्या मुठीत मावणारी आहे. ताकही त्यातच होतं, वरणही. ताईने रवी काही सोडली नाही, ताक ती अजून रवीनेच करते.

काय ठरलं

भाच्याने ठाण्याला गोखले रोडवर जाऊन तिन्ही वस्तू आणल्या: 750 वॉटचा मिक्सर तीन स्टीलच्या भांड्यांसह, दोन लिटरचा वेट ग्राइंडर आणि स्टील दांड्याचा हँड ब्लेंडर. तिन्ही मिळून बारा हजारांच्या आत बसल्या. मुलाला हवा असलेला ब्लेंडर एकटाच तेवढ्याला पडत होता, आणि तो घेऊनही वाटणासाठी मिक्सर लागलाच असता. जुनी भांडी नव्या मिक्सरवर बसत नाहीत, कपलर वेगळा असतो, त्यामुळे ती राहिली बाजूला.

एक काम यादीतून काढूनच टाकलं. वर्षाचा मसाला आणि धणे-जिरे पूड घरी दळायची नाही. ऐरोली, दिवा, घणसोली ही मुळची आगरी-कोळी गावं. मार्च-एप्रिलमध्ये इथल्या कांडप गिरण्यांवर मिरच्यांच्या गोण्या लागतात. किलोभर मिरची मिक्सरमध्ये दळून घरभर ठसका आणि मोटरला ताप देण्यापेक्षा डंकावरून कांडून आणलेला मसाला चांगलाही असतो. थोडी जिरेपूड लागली तर चटणीचं भांडं आहेच.

टॉवेलच्या जागी चार रबरी पाय लावले, आणि वाटण पहाटेऐवजी रात्री नऊच्या आत करून फ्रिजमध्ये ठेवायचं ठरलं. ताईला हे अजून मान्य नाही. शिळं वाटण म्हणते ती. चवीत फरक पडतो, ती खोटं बोलत नाही, विशेषतः कोथिंबिरीच्या वाटणात. म्हणून हिरवं वाटण सकाळी, पण सातनंतर, आणि खोबऱ्याचं रात्री, असा मध्य निघाला. वरच्या मजल्यावरून आता काही येत नाही.

तीन महिन्यांनी पुन्हा गेलो तेव्हा हिशोबाची वही पुढे आली. पिठाची तक्रार थांबली होती. तेवढ्याच डाळ-तांदळाचं पीठ जास्त निघतं म्हणून ती आता उडीद थोडा कमी घालते. नवा मिक्सर एकदाही ट्रिप झाला नव्हता. हँड ब्लेंडर सूपपेक्षा पालक पनीरच्या ग्रेव्हीला जास्त वापरला जातो. मुलगा शेक मिक्सरच्या उंच भांड्यात करतो आणि भांडं धुवायचं विसरतो. ग्राइंडर धुण्याची कटकट मात्र मी सांगितली होती त्याहून जास्त निघाली. बाई त्याला हात लावत नाही, शुक्रवारी रात्री अकराला तो भाचा धुतो.

मग भाचेसूनच म्हणाली, "मामा, एक विचारू? त्या वेळी विचारलं नाही, कारण सगळे मिक्सरवरच बोलत होते." आणि मनगट पुढे केलं. या वेळी डाग दाखवायला नाही. रोजच्या नव्वद पोळ्यांची कणीक, अडीच-तीन किलो, ती हाताने मळते आणि संध्याकाळी मनगट धरतं. यादीत ते आलंच नव्हतं, कारण मी भांड्यात काय पडतं एवढंच विचारलं होतं आणि कणीक परातीत पडते.

घरगुती फूड प्रोसेसर एका वेळी अर्धा ते एक किलोच कणीक घेतो. तीन-चार घाणे काढायचे, प्रत्येक वेळी भांडं रिकामं करायचं, वर मोटर तीच कार्बनवाली, मध्ये विश्रांती द्यावी लागणारी. नव्वद पोळ्यांना तो पुरा पडणार नाही. तीन किलोचा कणीक मळायचा छोटा व्यावसायिक मिक्सर वेगळा येतो, हळू फिरणारा आणि जड, पण ओट्यावर आता जागा नाही. तो गॅलरीतल्या जागेत बसेल का हे पाहायला मी टेप काढला. दरवाजा आणि वॉशिंग मशीन यांच्यामध्ये बावीस इंच निघाले. भाचा म्हणाला वॉशिंग मशीन बाथरूममध्ये हलवता येईल, त्यासाठी प्लंबरला विचारावं लागेल. ते आता दिवाळीनंतर.